वाटपात न धरलेली पेटी

वडगाव रासाईच्या हौशीरामआप्पांनी स्वतःची जमीन कधी गुंठाभर वाढवली नाही. दुसऱ्यांच्या जमिनीचे तुकडे मात्र आयुष्यभर पाडले. हा त्यांचा धंदा नव्हता. धंद्यात पैसे मिळतात. वाटपाच्या पंचाला चहा मिळतो, जेवण मिळतं, आणि ज्याला आपल्या वाट्याला कमी आलं असं वाटतं त्याचा अबोला मिळतो. तरी आसपास कुठं भावा-भावांचं वेगळं निघायचं ठरलं की आप्पांना बोलावणं यायचंच. त्यांनी केलेलं वाटप आजवर कोर्टात गेलं नव्हतं, आणि याचा त्यांना जेवढा अभिमान होता तेवढा तो ते दाखवत नसत.

रीत साधी होती. थोरल्यानं वाटे पाडायचे, धाकट्यानं आधी उचलायचा. अशानं वाटे पाडणाऱ्याला आपोआप न्याय सुचतो. विहीर, बोअर, बांधावरचा आंबा, गाभण शेळीच्या पोटातलं करडू, सगळ्याचा भाव आप्पा चालता चालता करत आणि दोघा भावांना मोठ्यानं सांगत. बहिणींचा प्रश्न या रीतीत येत नसे. बहिणी रजिस्टर कचेरीत येत, हक्कसोडावर सही करत, साडी घेत आणि दिवे लागायच्या आत सासरी पोचत.

गावातल्याच नानांच्या माघारीही तसंच झालं होतं. नाना साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर कारकून. गावात तीन एकर जमीन. बायको आधीच गेलेली. नाद एकच, कॉमिक्सचा. दौंडला कामानिमित्त गेले की स्टेशनवरच्या स्टॉलवरून राक्षसांची, गुप्तहेरांची, अंतराळातल्या लढायांची पुस्तकं घेऊनच परतायचे. मुलगी अनुपमा दौंडला रेल्वे कॉलनीत दिलेली, धाकटा इंद्रजीत रांजणगावच्या कंपनीत सुपरवायझर. दोन वर्षांपूर्वी आप्पांनी रान फिरून त्याचा भाव इंद्रजीतला सांगितला, अनुपमानं सही केली, जमीन इंद्रजीतच्या नावावर झाली. निघताना त्यानंच पडवीतल्या पत्र्याच्या पेटीकडं बोट दाखवलं होतं. "ताई, ही रद्दीबी घेऊन जा. तेवढंच घर मोकळं." आप्पांनी मान हलवली होती. पेटीचा भाव त्यांनी धरला नव्हता.

तोच इंद्रजीत एका सकाळी आप्पांच्या ओसरीवर येऊन म्हणाला, "आप्पा, वाटप चुकलं."

त्या ओसरीवर हे शब्द याआधी कुणी उच्चारले नव्हते. इंद्रजीतनं मोबाईल पुढं धरला. पडद्यावर एक माणूस हातमोजे घालून, बाळाची टाळू चाचपावी तसं एक जुनं कॉमिक उलटत होता. खाली आकडा होता सात लाखांचा.

"नानांच्या पेटीत असली दोनशे तरी हायती. आन् ती म्या माझ्या हातानं देऊन बसलोय! ताईला म्हणावं निम्मं दे. तुम्ही पंच होता. तुमच्यानं न्हाई झालं तर वकील हायेच."

आप्पांनी मोबाईल त्याच्या हातात परत दिला. मग म्हणाले, "जनावर डोळ्यांनी बघितल्याबिगर म्या भाव करत न्हाई. गाडी काढ."

भीमेवरचा पूल ओलांडून दोघं दौंडला पोचले. अनुपमाचा नवरा ड्यूटीवर होता. भाऊ आणि पंच एकत्र दारात बघून तिनं काय ते ओळखलं. "पेटीसाठीच ना?" म्हणाली, आणि पाणी द्यायच्या आधी पेटीच ओढून आणली.

इंद्रजीतनं सात लाख दाखवले. अनुपमा हसली नाही. "हा मागितलेला भाव, इंद्या. मागायला काय, सात कोटी मागावेत. विकलं कितीला गेलं, ते बघायचं असतं."

हे आप्पांना लगेच पटलं. बैलबाजारात तोंडानं सांगितलेला भाव एक असतो आणि उपरण्याखाली बोटं दाबून ठरतो तो दुसरा. ते पुढं सरकून बसले. अनुपमा एकेक पुस्तक हातात देत गेली आणि आप्पा बैलाचा जबडा उघडावा तसं ते उघडून बघू लागले. पिना गंजल्यात का, पाठ मोडली का, मुखपृष्ठ आहे का, मधली पानं गेलीत का. बहुतेकांचा निकाल बघताक्षणीच लागत होता. गावातल्या पोरांच्या हातात सुटं पुस्तक टिकत नाही म्हणून नानांनी पाच-पाच एकत्र करून, पोतं शिवायच्या दाभणानं आणि सुतळीनं, आरपार शिवून टाकली होती. कडेला तेलकट बोटं उमटलेली. एका राक्षसाला कुणीतरी मिशा काढल्या होत्या.

"ह्या मिशा तुझ्याच," अनुपमा म्हणाली. "पुण्याचे एक गृहस्थ जुनी कॉमिक्स विकत घेतात, त्यांना फोटो पाठवले होते मी. शिवलेल्याला शून्य म्हणाले."

"शून्य?"

"भोकं पडलीत ना."

तळाशी प्लॅस्टिकच्या पिशवीत एक गठ्ठा निघाला. कोरा, घडीही न मोडलेला. ही दोघं मुलं शिकायला बाहेर गेली, गावातली पोरं टीव्हीपुढं बसली, त्यानंतर नानांनी घेतलेला. वाचायला कुणी उरलं नव्हतं. स्टॉलवरून आणायची सवय उरली होती. पुण्याच्या गृहस्थांच्या मते भाव होता तो या गठ्ठ्याला. बापानं मायेनं शिवलेली रद्दी ठरली आणि ज्यांना कुणी हात लावला नाही त्यांचे साठ हजार येत होते, तेही गिऱ्हाईक राजी झालं तर.

इंद्रजीतचा चेहरा उतरला. पण सात लाखांसाठी एवढ्या लांब आलेला माणूस रिकामा कसा जाणार? "साठ तर साठ. तीस माझे. पैशाचं न्हाई आप्पा, तत्त्वाचं हाय. हिशेब आजच्या भावानं व्हायला पायजे."

"व्हय, आजच्याच," आप्पा म्हणाले. "तुझ्या रानाला काय भाव चाललाय रं?"

"रोड टच झालंय आता!" इंद्रजीत खुलला. "गुंठ्याला दीड लाख. एजंट रोज फोन करतोय..." आणि वाक्य अर्ध्यावर सोडून तो आप्पांकडं बघू लागला. "तुम्हाला काय म्हणायचंय?"

"कुठं काय? म्या भाव इचारला. वाटप एकाच दिवशी झालं, तर भावबी एकाच दिवसाचा धरावा लागंल. पेटी आजच्या भावानं आन् रान दोन वर्सामागच्या, असला तराजू कंच्या बाजारात हाय?"

"ताईनं सही केलीया, आप्पा."

"केलीया. आन् पेटी तूच दिलीया."

इंद्रजीतनं मोबाईल खिशात घातला. मग तो उठला. "जाऊ द्या. बहिणीकडनं तीस हजार घेतले तर लोक त्वांडात शेण घालतील." गाडी सावलीत लावतो म्हणून तो बाहेर गेला. गाडी सावलीतच होती.

आप्पांना बरं वाटलं. वाटप मोडलं नव्हतं. त्यांनी टोपी सारखी केली आणि अनुपमानं आता चहाचं विचारावं अशा बेतानं तिच्याकडं पाहिलं. ती शिवलेले गठ्ठे पेटीत परत रचत होती.

"आप्पा, रानाचा भाव तुम्ही त्याला गप करायला काढलात ना?"

"व्हय."

"झाला गप." तिनं हातातला गठ्ठा ठेवला. "पण माझा वाटा किती झाला असता? मागायचा नाहीये मला. पेटीचा भाव काढायला एवढ्या लांब आलात, तर त्याचाही काढा."

चालता चालता भाव करणारे आप्पा बसल्या जागी अडखळले. "साठ गुंठे," ते शेवटी म्हणाले. "हिरीत निम्मं पाणी. आंबं दोन, त्यातला येक." मग आवाज आणखी खाली आला. "नव्वद लाख. रान धरून. आंबा न्हाई धरला."

अनुपमानं मान हलवली, जणू दुधाचा रतीब ठरला. "सही केली तेव्हा कुणी आकडा सांगितला नव्हता."

"तू इचारला न्हाईस, पोरी."

"इंद्यानंही विचारला नव्हता, आप्पा. त्याला तुम्ही सांगितला होता."

तिनं पेटीची कडी लावली आणि चहा टाकला. तो आप्पांनी पूर्ण संपवला, कारण अर्धा ठेवणं बरं दिसलं नसतं. परतीच्या वाटेवर इंद्रजीत एजंटाच्या गोष्टी सांगत राहिला. आप्पा खिडकीतून दोन्ही बाजूंचा ऊस बघत होते.

पुढच्याच महिन्यात पलीकडच्या वस्तीवरून बोलावणं आलं. तीन भाऊ, दोन बहिणी. आप्पांनी रान पायी फिरून पाहिलं, विहिरीत वाकून पाहिलं आणि म्हणाले, "बहिणींना बोलवा. वाटे पाच पाडू. परत्येकाचा आकडा मोठ्यानं सांगंन म्या. मग ज्याला सोडायचं त्यानं ऐकून सोडावं."

भावांनी त्यांना आदरानं चहा पाजला. या महिन्यात दिवस चांगला नाही, म्हणाले. मोटारसायकलवरून घरापर्यंत सोडलंही.

दुसरा पंच बोलावून वाटप तासाभरात उरकल्याचं आठवड्यानं आप्पांच्या कानावर आलं. त्यांच्या ओसरीवर त्यानंतर त्या कामासाठी कुणी आलं नाही.