कापलेली लाथ

आमच्या झाशीच्या मराठी मंडळातल्या मंडळींना पोरांशी मराठी बोलवत नाही. म्हणून गणपतीत त्यांनी मुके विनोदी सिनेमे दाखवायचं ठरवलं. शंभर वर्षांपूर्वीच्या, दहा-दहा मिनिटांच्या फिती. नुसती पळापळ आणि आपटाआपटी, शब्द एक नाही. अध्यक्षांनी याला ‘मातृभाषेची सेवा’ म्हटलं.

फिती मी जमवल्या. त्यांत पोट सुटलेला साहेब हटकून चिखलात जातो, म्हणून मला त्या आवडतात. माझी अक्षरओळख बाबांच्या युनियनच्या पत्रकांवर झाली. पण आठ पानी पत्रकात जे मावत नाही ते एका लाथेत मावतं.

मंडळात बसायची जागा हुद्द्याप्रमाणे. पुढे सोफ्यावर अधिकारी, मग खुर्च्यांवर बाबू, मागे सतरंजीवर रेल्वे वर्कशॉपातले. बाबा फिटर, म्हणजे सतरंजी. यंदा सोफ्यावर त्यांचेच मोठे साहेब येणार होते, आणि बाबांच्या बदलीचा कागद त्यांच्याच टेबलावर होता. आईचे उपचार झाशीत चालू. बाबांना ही बदली नको होती.

अध्यक्षांनी आदल्या दिवशी सगळं तपासलं. "बेटा, साहेबांसमोर साहेबाला लाथ? अच्छा लगता है क्या?"

"काकाजी, सिनेमा आहे तो."

"आणि बाबांची बदली? तोही सिनेमाच? तेवढी लाथ काढ."

काढली. इतरांना लाचार म्हणणाऱ्या माझ्याच हातांनी, दोन मिनिटांत.

पण लाचारीला अक्कल नसते. लाथ गेली, चिखल राहिला. पडद्यावर साहेब छाती फुगवून उभा, आणि पुढच्याच क्षणी, कुणी न मारता, चिखलात बसलेला. आपला आपण! सतरंजीवरचा हशा ओठांपर्यंत आला आणि थांबला. सगळ्या माना सोफ्याकडे. साहेबांचं पोट हललं, तेव्हा कुठे बाबू हसले. अध्यक्षांनी तर टाळ्या पिटल्या. हसायलाही मंजुरी लागणारी ही माणसं! बाबा हसले नाहीत. घरी आल्यावर मी त्यांना काय कापलं ते सांगितलं.

पुढच्या आठवड्यात बदलीचा कागद आलाच.

ट्रंकेत कपडे भरताना बाबा म्हणाले, "ती लाथ आहे का अजून? दाखव बघू."

मोबाइलवर दाखवली. त्यांनी दोनदा पाहिली, मग चष्मा पुसून तिसऱ्यांदा.

"हळूच मारलीय," ते म्हणाले, आणि ट्रंक बंद केली.