त्यांच्या घरची वायर

मालकांनी आमचा फ्यूज काढला तो भर दुपारी, पंखा चालू असताना. चाळीचा बोर्ड त्यांच्या ओटीवर, मीटर त्यांच्या नावावर. म्हणजे खुर्चीतून उठायचं आणि हात वर करायचा, एवढंच काम. मी शिवणकाम करते. मशीनखाली एका नवरीचा ब्लाउज अर्धा शिवून पडलेला, आणि मोटर थांबली. बाहेर येऊन पाहिलं तर समोर मालकांच्या घरात पंखा गरगरत होता.

कोपरची ही चाळ पाडून तिथे बिल्डिंग व्हायची होती. बाकीचे भाडेकरू हातात पडेल ते घेऊन टिटवाळ्याकडे वगैरे निघून गेले. आम्ही तेवढे राहिलो. मी एकच मागत होते, खोलीच्या बदल्यात नव्या बिल्डिंगमध्ये खोली, आणि तीही लेखी. तोंडी ती त्यांनी कितीदा तरी दिली होती.

माणूस वाईट नव्हता, हीच पंचाईत. मी त्यांना काका म्हणायची. सणासुदीला काकी तांदळाच्या भाकऱ्या पाठवायच्या. संध्याकाळी काका स्वतःच वायरचं भेंडोळं घेऊन दारात उभे राहिले.

"लाइट पायजे ना तुला? मंग आमचे घरशी घे. मी काय तुला अंधारान ठेवनार हाय?"

सकाळपर्यंत जी लाइट आमच्या हक्काची होती, ती आता उपकार म्हणून खिडकीतून आत येणार होती. तिचं बटण त्यांच्या घरात. मी जरा आवाज चढवला की ते बंद. मी नको म्हटलं. त्यांना खरंच वाईट वाटलं, आणि त्याचा मला जास्तच राग आला.

नवऱ्याचं म्हणणं, वायर घे, भांडण कशाला. आमच्याकडे अडीनडीला शेजारून वायर ओढायची पद्धतच आहे. लाइट गेली की कोणीतरी बल्ब लावलेला होल्डर पुढे करतंच. पण इथे लाइट गेली नव्हती, काढली होती. मी नवऱ्याला सांगितलं, तुला पंखा हवा असेल तर जा त्यांच्या ओटीवर झोपायला. तो बिचारा गेला नाही. पुठ्ठ्याने वारा घेत बसला.

मशीनची मोटर उतरवून मी जुना पट्टा चढवला आणि पायाने शिवायला लागले. पोटऱ्या भरून यायच्या. ब्लाउज मात्र वेळेवर दिला.

कल्याणच्या वकीलबाईंनी सांगितलं की, भाड्याच्या घराची वीज-पाणी मालकाला सबळ कारणाशिवाय तोडता येत नाही. तोडली तर कोर्ट ती परत जोडायला लावू शकतं. शिवाय जागेत राहणाऱ्यालाही स्वतःच्या नावावर मीटर मागता येतो. हे ऐकून मी तडक वीज ऑफिसात गेले, तर तिथल्या साहेबांनी मालकाचं संमतीपत्र मागितलं. ज्याने लाइट तोडली त्याच्याकडूनच संमती आणू का, असं मी विचारलं. ते म्हणाले, नियम आहे. मी म्हटलं, मग नियम लिहून द्या, मी कोर्टात दाखवते. ते त्यांनी लिहून दिलं नाही. अर्ज मात्र ठेवून घेतला.

लाइट परत जोडून मिळावी म्हणून वकीलबाईंनी कोर्टात दावा लावला. तिथे काकांच्या वकिलाने तीच वायर बाहेर काढली. म्हणाला, आमच्या अशिलाने लाइट देऊ केली होती, या बाईंनी अडून नाकारली, त्यांना फक्त त्रास द्यायचा आहे. नवरा माझ्याकडे असा बघायला लागला की, सांगत होतो ना. हे आमच्यावर उलटलं तर लाइट नाही, आणि लाइटशिवाय खोली टिकायची नाही, एवढं मला कळत होतं.

जजसाहेबांनी मलाच विचारलं, वायर का घेतली नाही?

"साहेब, काकांनी देऊ केलेली लाइट काका रागावले की गेली असती," मी म्हटलं. "मी भाडं भरते. मला कोणाच्या मर्जीवर उजेड नको."

साहेबांनी काकांना विचारलं, फ्यूज तुम्हीच काढला? काका खोटं बोलले नाहीत. मान खाली घालून हो म्हणाले.

फ्यूज परत लावायचा हुकूम झाला, आणि काकांनी तो मुकाट्याने लावला. पण मी माझा मीटरचा अर्ज मागे घेतला नाही. वीज ऑफिसला खेपा घालून घालून चपला झिजवल्या, शेवटी आमच्या दाराशेजारी आमच्या नावाचा मीटर बसला. फिटर भिंतीत खिळे ठोकत होता तेव्हा काकी ओटीवरून बघत होत्या. भाकऱ्या यायच्या बंद झाल्या आहेत. वाईट वाटतं, नाही असं नाही.

बिल्डिंग व्हायची तेव्हा होईल. पण बोलणी करायला काकांना आता माझ्या दारात यावं लागेल. मी मशीन बंद करीन, त्यांना पंख्याखाली बसवीन, चहा देईन आणि विचारीन, खोलीचं लिहून आणलंत का?