सरदाराचं फावडं

आमच्या गावची वोब्केमावशी लोणी विकायची आणि कुणाच्या बापाला भ्यायची नाही. समुद्राचा बांध ज्यानं त्यानं आपल्या जमिनीपुरता राखायचा, पण हायिंगा सरदारांचा तुकडा तीन पिढ्या आम्हीच फुकट लिंपत आलो. त्या वर्षी मात्र सगळ्या गावानं हात वर केले.

मग शहरात वाढलेला धाकटा सरदार स्वतःच बांधावर आला. "यात अवघड काय आहे रे?" म्हणत त्यानं दोन ढेकळं काढली, धापा टाकत फावडं बांधात रोवलं आणि बिअर प्यायला निघाला.

आता, आम्हा उत्तर समुद्राकाठच्या फ्रिजियन लोकांत रीतच अशी, की बांधात फावडं रोवून पाठ फिरवली की जमीन सोडली. फावडं जो उपटेल, जमीन त्याची आणि बांधही त्याचाच.

मावशीनं ते उपटलं. "जमीन दिलीत सरदार, देव तुमचं भलं करो!"

"म्हातारे, ठेव ते खाली!" सरदार किंचाळला. पण त्याचे शिपाई आमच्याच गावचे. आधी तेच हसले. मग आमचीही फावडी उगारली गेली, आणि संध्याकाळपर्यंत हायिंगांचं सगळं बिऱ्हाड होडीत बसलं.

आम्ही नाचत होतो, तेवढ्यात मावशी ओरडली, "दात काय काढताय? हा बांध आता माझा. फुकट लिंपायची सवय आहेच तुम्हाला, चला!"

गेलो, झक मारत.