ताईने खोडलेले ग्रह

माझी ताई लहानपणापासून शंकेखोर. आईने जेवताना "मीठ बरोबर आहे ना?" विचारलं की बाबा आणि मी माना डोलवायचो. ताई आणखी एक घास घ्यायची, तो सावकाश चावायची आणि मगच उत्तर द्यायची. तोवर आईचा चेहरा परीक्षेच्या निकालाला उभ्या असलेल्या मुलासारखा व्हायचा.

पुढे ती खगोलशास्त्रज्ञ झाली. दूरच्या ताऱ्यांभोवती फिरणारे ग्रह शोधणं हे तिचं काम. मला वाटलं, दुर्बिणीला डोळा लावून बसत असेल. तिच्या संस्थेत पहिल्यांदा गेलो तर बाईसाहेब एका बिनखिडकीच्या खोलीत कॉम्प्युटरपुढे, डोक्यावर फडफडणारी ट्यूबलाइट.

"आकाश कुठंय?" मी विचारलं.

"या फाइलमध्ये," ती म्हणाली.

आणि एक दिवस तिला ग्रह सापडला. शास्त्रीय मासिकात छापूनही आला. घरी तिने समजावून सांगितलं, "ग्रह ताऱ्यासमोरून गेला की ताऱ्याचा उजेड किंचित कमी होतो. आलेखात खड्डा पडतो. ठरावीक काळाने तसाच खड्डा पुन्हा पडला, की समजायचं ग्रह आहे."

"म्हणजे तो दिसला नाही?" आईने विचारलं.

"नाही."

"नुसता उजेड कमी झाला?"

"हो."

"आपल्या जिन्यातला दिवा रोज संध्याकाळी कमी होतो. जाऊन बघ बाई, तिथेही एखादा असेल."

बाबांना मात्र शंका नव्हती. ते शाळेत व्यायामाचे शिक्षक. घरातही मैदानाच्या पलीकडे ऐकू जाईल असं बोलायचे. त्यांची अडचण वेगळीच होती. ग्रहाच्या नावात ताऱ्याचा नंबर होता आणि शेवटी 'बी' हे अक्षर.

"बी का? ए कुणाला दिला?"

"तारा स्वतः ए असतो बाबा. पहिला ग्रह 'बी'च."

"म्हणजे पहिला येऊनही दुसरा नंबर! हा कुठला न्याय?"

तरीही त्यांनी इमारतीतल्या प्रत्येक मजल्यावर बातमी पोचवली. खालच्या मजल्यावरच्या काकूंनी विचारलं, "तिथे पाणी आहे का?" बाबा म्हणाले, "इथे तरी कुठे आहे?" आणि पुढचं दार वाजवलं.

मग त्यांनी शाळेत ताईचं भाषण ठरवलं. सगळी शाळा जमणार होती, सभागृहाची भिंत भली थोरली. ताईचा आलेख बघून ते नाराज झाले.

"एकच खड्डा? एवढी वर्षं घासलीस आणि एकच?"

"खड्डे पुष्कळ आहेत बाबा. सगळे एकावर एक ठेवून हा एक केलाय. आमच्यात तसंच करतात."

"तुमच्यात करत असतील. माझी भिंत रिकामी राहील. सगळे ओळीने लाव."

वाद नको म्हणून ताईने सगळे खड्डे एकापुढे एक लावून दिले. बाबांनी त्याचा लांबलचक फलक छापून घेतला आणि भिंतीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ठोकला.

भाषणाच्या दिवशी आई आणि मी पहिल्या रांगेत होतो. ताई छान बोलत होती. मुलंही चक्क ऐकत होती. "आता हे खड्डे बघा," म्हणून ती वळली आणि फलकाकडे बघतच राहिली. एवढ्या मोठ्या आकारात, असे शेजारी शेजारी, ते तिने कधी पाहिलेच नव्हते. एक खड्डा जरा खोल, पुढचा जरा उथळ. पुन्हा खोल, पुन्हा उथळ. ती फलकाजवळ गेली, वीत लावून मोजू लागली.

"बोल, बोल," बाबा माइकवरूनच कुजबुजले. त्यांचं कुजबुजणं शेवटच्या रांगेपर्यंत पोचलं.

ताई वळली. "मुलांनो, माफ करा. हा ग्रह नाहीये."

एकच ग्रह असता तर खड्डे सारखेच पडले असते. हे दोन तारे होते. तिच्या ताऱ्याच्या मागे, खूप लांब, एकमेकांभोवती फिरणारे. आळीपाळीने एकमेकांना झाकत होते आणि त्यांचा उजेड तिच्या ताऱ्याच्या उजेडात मिसळत होता. हे तिने तिथल्या तिथे मुलांना सांगितलं. मुलांनी प्रचंड टाळ्या वाजवल्या. मोठं माणूस स्टेजवर चुकलं आणि चुकलो म्हणालं, हे त्यांनी पहिल्यांदाच पाहिलं होतं.

ताईने मासिकाला कळवून ग्रह मागे घेतला. बाबांनी पुन्हा सगळे मजले चढून तो परत घेतला. ताईच्या सरांनी तिला बोलावलं. आता नोकरी गेली, असं धरूनच ती आत गेली. सर फायलींचा गठ्ठा तिच्यापुढे सरकवून म्हणाले, "असं कर. आता बाकीच्यांचेही तपास."

तिथून तिची खरी कारकीर्द सुरू झाली. कुणीही नवा ग्रह जाहीर केला की ताई त्याच्या मागे लागायची. कुणाचा ग्रह म्हणजे जोडतारा निघाला, कुणाचा यंत्रातला दोष. तिचं नावच 'खोडरबर' पडलं. ती परिषदेत शिरली की माणसं आपापले आलेख पाठीने झाकून उभी राहायची.

एक उंच, मिशाळ शास्त्रज्ञ मात्र चिडून थेट आमच्या घरी आला. त्याचा ग्रह म्हणजे ताऱ्यावरचे डाग आहेत, असं ताईने सिद्ध केलं होतं. दार आईने उघडलं.

"तुमच्या मुलीने माझा ग्रह खाल्ला!"

"आत या," आई म्हणाली. "ती सगळ्यांचेच खाते."

तो दुपारभर भांडला, जेवून पुन्हा भांडला आणि पुढच्या आठवड्यात उरलेलं भांडायला परत आला. यथावकाश तो माझा भावोजी झाला. लग्नाआधी त्याने एकच अट घातली होती, माझे ग्रह तपासायचे नाहीत. ताई म्हणाली, "मग लग्न नको." त्याने अट मागे घेतली.

काही वर्षांनी भावोजींना नवा ग्रह सापडला. ताईने त्याच्यावर सगळी हत्यारं चालवली. डाग बघितले, जोडतारे बघितले, यंत्राचा स्क्रू न् स्क्रू संशयाने पाहिला. त्या काळात त्यांच्याकडे जेवायला जाणं म्हणजे कोर्टात साक्षीला जाणं. भावोजी वाळत चालले होते.

शेवटी एका सकाळी चहा गाळता गाळता ताई म्हणाली, "खोडून निघत नाही. आहे तो."

भावोजी ओट्याला टेकून लहान मुलासारखे रडले. ताईने चहा दोन वेळा गाळला.

तिने बाबांना फोन केला. बाबांनी आयुष्यात पहिल्यांदा आवाज खाली आणला. "पक्का?"

"पक्का."

"मजल्यांवर सांगू?"

"सांगा."

बाबांनी चपला घातल्या.

आता ताई विभागप्रमुख आहे. नवी पोरंपोरी ग्रह सापडला की आधी तिच्याकडे आणतात. ती त्यांना खुर्ची देते, बिस्किटं पुढे करते आणि मग तपासते. बिस्किटं घशाखाली उतरत नाहीत, अशी त्यांची तक्रार आहे. स्वतःचा असा एकही ग्रह नाही, याचं वाईट वाटतं का, असं मी तिला एकदा विचारलं. ती म्हणाली, "वाटतं कधी कधी. पण जे उरलेत, त्यांच्याकडे मी छातीठोक बोट दाखवू शकते."

सध्या भावोजींनी आणखी एक ग्रह आणलाय. ताई त्याबद्दल अजून चकार शब्द बोललेली नाही, आणि भावोजी न सांगता भांडी घासतायत.