देवीदास फिटर आणि झाकणाचा साचा

रायपूरकडच्या हथखोजमधल्या छोट्या कारखान्यात देवीदास एकतीस वर्षं पोलादाचे साचे कोरत आला. वितळलेलं प्लॅस्टिक ज्या तोंडातून साच्यात शिरतं त्या गेटची जागा तो साचा बोटांनी चाचपून सांगे, आणि मालक ऐके.

यंदा जुनवानीची निशा आली. आपल्याच मराठी माणसांतली, इंजिनिअर. तिच्या सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती निघाली होती. पूर्वी रात्रभर चालणारं गणित आता चहा होईस्तोवर संपे, आणि थंड झाल्यावर वस्तू कुठं वाकेल ते रंगांत दिसे. डब्याच्या झाकणासाठी तिनं अहवाल दिला: एकच गेट, कडेला. तिसऱ्या दिवशी मालक देवीदासला म्हणाला, दुपारी कोर. कोरलेलं पोलाद भरून येत नाही, आणि निशाची कच्ची नोकरी शनिवारी एकतर पक्की व्हायची होती, नाहीतर संपायची.

चूक कुठं आहे ते देवीदासला दोन दिवस ठाऊक होतं. तिनं पोत्यावरचं नाव वाचून गणितात प्लॅस्टिकचा ताजा दाणा धरला होता. इथं त्याच पोत्यांत वाया गेलेला माल दळून मिसळतात. तो गप्प राहिला. वाकू दे झाकण, मग येतील विचारायला.

जेवणाच्या सुट्टीत तिचा फोन वाजला. "हो आई, जेवले," ती म्हणाली. डबा बंदच होता. देवीदासनं हातातला घास खाली ठेवला. त्याची लेक समीक्षाही रायपूरहून असंच सांगत असेल.

"म्याडम, तुमचा कंप्युटर पोतं वाचते, पोत्यात हात नाही घालत," म्हणत त्यानं मूठभर राखाडी दाणा तिच्यापुढं ओतला.

तिचा चेहरा उतरला. "काका, आधी कावून नाही सांगितलं?"

"पाहून राहिलो होतो." देवीदासनं सांडलेले दाणे गोळा केले.

नव्या आवृत्तीत दळलेल्या मालाचं प्रमाण भरता येत होतं. त्याला विचारून तिनं भरलं. पडद्यावर चारी कोपरे लाल, म्हणजे वाकलेले.

"आता माह्यावालं गेट टाक. झाकणाच्या मधात," देवीदास म्हणाला.

तेही वाकलं, जरा कमी.

"घ्या, दोघंही नापास," निशा म्हणाली.

मग दोन टोकांना दोन गेट टाकून पाहिले. झाकण सपाट, फक्त दोन्हीकडचं प्लॅस्टिक भेटतं तिथं जोडाची रेघ मधोमध.

"तिथं स्टिकर लागते. चालते," देवीदास म्हणाला.

ती मालकाकडे निघाली, तसा तोही उठला. "दोन दिवसांचं मलेच सांगा लागन, पोरी."

मालक निशावर चिडला, देवीदासवर त्याहून जास्त. झाकण सपाट निघालं तरच निशाला पक्क्या नोकरीचं पत्र, म्हणाला.

शनिवारी पहिलं झाकण काचेवर ठेवून निशानं एकेक कोपरा दाबला. चौथा देवीदासनं दाबला. झाकण हललं नाही.