ताईचे डाव्या हाताचे टाके

कात्रीमावशीला हे नाव शिंप्याच्या दुकानात पडलं. तिथे ती शिवून झालेल्या कपड्यांचे दोरे कापायची, काजं करायची, हातशिलाई घालायची. हातात सतत कात्री, आणि जिभेलाही धार होतीच. घरी आली की तिची दुसरी पाळी सुरू व्हायची. थोरल्या बहिणीनं, म्हणजे ताईनं, भरलेले बुकमार्क पूर्ण करायचे.

दोघी बिनलग्नाच्या. लाँड्रीच्या वरच्या दोन खोल्यांत राहायच्या. ताई खिडकीपाशी बसून मॅटीच्या कापडावर फुलीच्या टाक्यानं पानं आणि पाखरं भरायची. तिथून पुढे मावशीचं राज्य. मागची लोंबती टोकं टाक्यांखालून ओवून घ्यायची, मगच कापायची. कापड धुऊन जाड टॉवेलवर पालथं घालून इस्त्री करायची, म्हणजे भरलेले टाके दबत नाहीत. कडा दुमडायच्या, कोपऱ्यातलं जादा कापड छाटायचं, मागे अस्तर लावून बारीक टाक्यांनी बंद करायचं. खाली गोंडा.

"तू नुसती जन्माला घालतेस," ती ताईला म्हणायची, "न्हाऊमाखू घालून माणसांत आणते मी."

एका दुपारी ताई खुर्चीत बसल्या बसल्याच गेली. मेंदूतली रक्तवाहिनी फुटली, डॉक्टर म्हणाले.

भेटायला येणारी माणसं येऊन गेली, घर शांत झालं, आणि मावशीला तो आवाज ऐकू यायला लागला. कात्री हाताशी असली तरी ताई दोरा दातांनीच तोडायची. कट्. बस, एवढाच आवाज. आता दुपारी खिडकीपाशी कुणी नसताना तोच यायचा. मावशी ताट घेऊन दुसऱ्या खोलीत जायची, तर तिथेही मागून कट्.

तिनं खाली जाऊन लाँड्रीवाल्याला विचारलं, "तुमच्याकडे दुपारचं काही तुटतं का हो?"

"बटणं तुटतात मावशी. पण ती आम्ही गुपचूप तोडतो."

एरवी तिनं त्याला चांगलं सुनावलं असतं. त्या दिवशी ती नुसतीच वर गेली.

ताईचे बुकमार्क ज्या पुस्तकांच्या दुकानात जायचे, तिथल्या बाईंनी निरोप धाडला, की भरून ठेवलेले असतील तर ते द्यावेत, घाई नाही. मावशीनं ताईचा पत्र्याचा डबा उघडला, वरचा तुकडा सवयीनं उलटा केला, आणि तिचा हात थबकला.

मागे गाठी होत्या. ताई जन्मात गाठ मारायची नाही, कारण गाठ अस्तराखालून पुळीसारखी वर येते. तिनं तुकडा सुलटा केला. फुलीतला वरचा तिरका टाका सगळीकडे एकाच अंगाला कललेला लागतो. ताईचा कायम उजवीकडे कलायचा. इथे सगळे डावीकडे. दुसरा तुकडा तसाच, तिसराही.

"कुणी भरले हे?" ती मोठ्यानं म्हणाली.

खिडकीपाशी कट् झालं.

ती डबा काखेत मारून निघाली ती थेट भावाच्या घरी. दादानं एक तुकडा हातात घेतला, बघितलासुद्धा नाही नीट.

"डाव्या हाताचे आहेत," तो म्हणाला. "उजव्याची बोटं वळेनाशी झाली होती तिची. तुझ्याकडे द्यायची ते आधीचे, साठवलेले."

"तुला माहीत होतं?"

"शपथ घातली होती तिनं."

"आणि मला?"

"तुला कळलं असतं तर तू तिला डॉक्टरकडे फरफटत नेलं असतंस."

"नेलंच असतं!"

"आणि सुई काढून घेतली असतीस."

"घेतली असती," मावशी म्हणाली. मग तिला आठवलं. ताईनं अलीकडे केस आखूड करून घेतले होते. 'या वयात फॅशन सुचतेय बाईसाहेबांना,' म्हणून तिनं थट्टा केली होती, आणि ताई हसली होती. एका हातानं वेणी घालता येत नाही.

"एका टेबलाशी बसत होतो रे आम्ही, दादा."

घरी येऊन तिनं गाठी काढायला कात्रीचं टोक आत घातलं आणि तसंच बाहेर काढलं. शिंप्याकडून मऊ कापूस आणला, त्याचा पातळ थर गाठींवर पसरला, त्यावर अस्तर लावलं. कडा इतक्या सरळ तिनं कधी दुमडल्या नव्हत्या. शेवटच्या, अर्धवट राहिलेल्या तुकड्यावरच्या पाखराला एकच पंख होता. तिथेच कापड दुमडून तिनं तो बुकमार्क आखूडच ठेवला. हे चाललेलं असताना आवाज येत राहिला. तिनं खोली बदलली नाही.

दुकानातल्या बाईंनी मागून अंगठा फिरवला. "किती सपाट! एक गाठ म्हणून नाही."

"आहेत," मावशी म्हणाली. "आत आहेत."

दादाशी तिनं बरेच दिवस बोलणं टाकलं. मग एका सकाळी त्याच्या दारात जाऊन उभी राहिली.

"आत ये की," तो म्हणाला.

"आधी हात दाखव."

त्यानं हसत दोन्ही तळवे पुढे केले. तिनं त्यांत आपली बोटं दिली.

"दाब. जोरात दाब."

त्यानं दाबली. तिनं डोळे मिटून दोन्हीकडचा जोर सारखा आहे का ते पाहिलं, आणि पुन्हा म्हणाली, "अजून एकदा."