शामलाचा पाट

आमची शामला सकाळी उठली की आधी कोमट पाण्यात हात धरते. रात्रभर आवळून गेलेली बोटं एकेक करून सरळ करते, मग चहाचं पाहते. संधिवात हो, दुसरं काय! गुडघ्यांचं तर विचारूच नका. मी मदतीले गेलो की म्हणते, बाजूले व्हा, तुमच्यानं साखरेचा डबा धड उघडत नाही. अन् खरंच उघडत नाही. आमच्या धरमपेठेत मनोहरराव म्हटलं की तापट माणूस म्हणून लोक ओळखतात, पण या बाईपुढं माझं काही चालत नाही.

कळमेश्वरले माझ्या धाकट्या भावाकडे गणपतीत महालक्ष्म्या बसतात. जेवणाच्या दिवशी पहिल्या पाटावरची सवाशीण शामलाच, लग्न झाल्यापासून. औंदा भावाच्या बायकोचा, लतिकाचा फोन आला. वहिनीले खाली बसवत नाही, उगाच त्रास काहून द्यायचा, म्हणून शेजारच्या सुमतीले सवाशीण सांगितलं. तुम्ही दोघं दर्शनाले या, तुमचं जेवण टेबलावर देते. बिचारी मायेनंच बोलली. शामलानं बरं म्हणून फोन ठेवला अन् कामाले लागली. संध्याकाळी वाती वळता वळता थांबली.

"गुडघे दुखते म्हणून मी सवाशीण नाही राहिली का हो?"

माझं डोकंच सटकलं. भावाले फोन लावायले निघालो, तर तिनं मोबाईल काढून घेतला.

जेवणाच्या दिवशी आम्ही कळमेश्वरले गेलो, पानं वाढून झाली. सुमती पाटाजवळ यायच्या आत शामला पुढं झाली, भिंतीले हात टेकला अन् बसली. ते बसणं माझ्याच्यानं पाहवलं नाही, मी पानातल्या मिठाकडे पाहत राहिलो. लतिकाचा चेहरा उतरला. सुमती भली बाई, हसून बाजूच्या पाटावर बसली. शामला आंबील मागून घेऊन चवीनं जेवली.

पण उठता येईना. आमच्यात सवाशीण उठल्याशिवाय पंगत उठत नाही. तिनं जोर लावला, गुडघे काही ऐकेनात, अन् तिच्या डोळ्यांत पाणी आलं. जेवलेला हात वाळला की लग्न लांबते म्हणतात; माझी पुतणी मुग्धा, लग्नाची पोरगी, तसाच उष्टा हात घेऊन बसून राहिली. म्हणे, मोठी आई, मले काही घाई नाही. भावानं संत्र्याच्या बागेचा विषय काढला. सगळी पंगत बसून राहिली. मी आयुष्यात भावावर लई चिडलो, पण त्या दिवशी त्याच्यावर जीव ओवाळून टाकावा वाटला.

गुडघे जरा सैल झाले तसं एका बाजूनं मी धरलं, दुसऱ्या बाजूनं लतिकानं. उभी राहिल्यावरही शामलानं तिचा हात सोडला नाही.

"पुढच्या वर्षी खुर्ची ठेवजो वं," ती म्हणाली. "पण बोलावजो मले."

लतिकानं तिथंच ओटीचं ताट मागवलं. ओटी भरताना ती अशी रडत होती की अर्धे तांदूळ खालीच सांडले.